पुढचा ‘अन’ काढला की मागे काय उरतं?

दिग्रसकडच्या एका अभ्यासिकेतल्या मुलीचा प्रश्न आहे. ती एसएससी (केंद्र सरकारच्या नोकरभरतीची) आणि सीडीएस (सैन्यात अधिकारी होण्यासाठीची) अशा दोन परीक्षांची तयारी करते आहे आणि गाईडमधली अवघड इंग्रजी शब्दांची यादी पाठ करून करून वैतागली आहे. तिनं विचारलंय: नकार दाखवायला इंग्रजी शब्दाच्या पुढं अन, इन, डिस, नॉन, अ यातला कोणता कुठं लावायचा याला नियम आहे का? पेट्रोलच्या टँकरमागे ‘हायली इन्फ्लेमेबल’ लिहितात, म्हणजे ते पेटतं की पेटत नाही? ‘अनकेम्प्ट’ आहे तर ‘केम्प्ट’ आहे का? आणि शेवटचं, असे शब्द निबंधात घातले तर मार्क वाढतात का?

आधी टँकरचं सांगते, कारण त्यात जिवाचा प्रश्न आहे. पेटतं, बेटा. भडाभडा पेटतं. इथला ‘इन’ नकाराचा नाहीच. लॅटिनमध्ये दिसायला सारखे पण मुळात वेगळे असे दोन ‘इन’ होते. एक ‘नाही’ म्हणणारा, दुसरा ‘आत’ किंवा ‘मध्ये’ सांगणारा. इन्फ्लेमेबल आला दुसऱ्यापासून. ‘इन्फ्लेम’ म्हणजे पेटवणं, म्हणून इन्फ्लेमेबल म्हणजे पेटवता येण्याजोगं. अंगावर लाल, गरम सूज आली की डॉक्टर ‘इन्फ्लमेशन’ म्हणतात, तोही याच घरातला. हा घोळ इंग्रजी घरात बोलणाऱ्यांचाही होतो. अमेरिकेत आगीपासूनच्या सुरक्षेचं काम करणाऱ्यांनी 1920 च्या दशकातच ‘फ्लेमेबल’ हा सुटसुटीत शब्द वापरा असा आग्रह धरला, तो यामुळेच. आपल्याकडच्या टँकरवर जुनाच राहिला. तेव्हा फ्लेमेबल आणि इन्फ्लेमेबल एकच, आणि विरुद्धार्थी हवा असेल तर ‘नॉनफ्लेमेबल’.

यादी पाठ करण्याआधी प्रत्येक शब्दाला एकच प्रश्न विचारायचा: समोर दिसतो तो खरंच नकार आहे का? मराठीत आपण हे न शिकताच करतो. ‘अजगर’ ऐकून कोणी ‘जगर नसलेला’ असा अर्थ लावत नाही. अज म्हणजे बोकड, त्याला गिळणारा तो अजगर. इंग्रजीत मात्र आपली नजर तेवढी तयार नसते आणि गाईडवाले नेमके तिथंच पकडतात.

‘इनकोएट’ घे. मध्ये सी-एच असलं तरी उच्चार ‘क’. मुलं ‘कोएट नसलेलं’ असं काहीतरी समजतात. खरा अर्थ: नुकतंच सुरू झालेलं, अजून आकार न आलेलं. याच्या मुळाशी लॅटिनमधला ‘कोहुम’ असावा असं व्युत्पत्ती सांगणारे बरेच जण मानतात. कोहुम म्हणजे नांगराची दांडी जुवाला बांधायचा पट्टा. म्हणजे बैल जुंपले, पट्टा आवळला, पण अजून नांगराचं एक तासही निघालं नाही, ती अवस्था इनकोएट. शेतकऱ्याच्या लेकराला हा शब्द पुन्हा पाठ करायची गरज पडू नये. कायद्याच्या पुस्तकात ‘इनकोएट ऑफेन्स’ येतो: गुन्हा पुरा झाला नाही, पण त्यासाठी चिथावणी दिली, कट केला किंवा प्रयत्न केला. 2023 च्या भारतीय न्याय संहितेत हे तिन्ही एकाच प्रकरणात, चौथ्यात, एकत्र ठेवले आहेत.

‘इंडिजिनस’ आणि ‘इंडिजंट’ यांतही नकार नाही. दोन्हींच्या सुरुवातीला ‘आत’ असा अर्थ असलेलं जुनं लॅटिन ‘इंदु’ आहे. पहिला म्हणजे त्या मातीतच जन्मलेला, मूळनिवासी. दुसरा म्हणजे निर्धन, ज्याच्याकडे गरजेपुरतंही नाही असा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 33 मध्ये कोर्ट फी भरायची ऐपत नसलेल्या माणसाला आधी ‘पॉपर’ म्हणत, 1976 च्या दुरुस्तीनंतर ‘इंडिजंट पर्सन’ म्हणतात. दोन्ही शब्द एका पाठोपाठ आले की पेपर सोडवताना हात घसरतो, म्हणून सांगितलं.

बाकीचे फसवे शब्द भराभर सांगते. ‘मिसअँथ्रोप’ आणि ‘मिसॉजिनी’ मधला ‘मिस’ चुकीचा किंवा वाईट या अर्थाचा नाही, तो ग्रीक ‘मिसोस’, म्हणजे द्वेष. ‘असलीप’, ‘अबोर्ड’, ‘अब्लेझ’ यातला ‘अ’ म्हणजे ‘वर’ किंवा ‘त्या अवस्थेत’. ‘डीलिमिट’ म्हणजे हद्द काढून टाकणं नव्हे, हद्द पक्की आखणं. 2008 मध्ये मतदारसंघांची फेररचना झाली ती ‘डीलिमिटेशन’. पीककर्ज ‘डिसबर्स’ झालं म्हणतात त्यात बर्स म्हणजे थैली, थैलीतून बाहेर काढलं ते डिसबर्स.

आता खरा नकार. इथं मराठी माणसाला भांडवल आयतं मिळालेलं आहे आणि तेच कोणी वर्गात सांगत नाही, याचा मला राग येतो. आपला ‘अ’, ग्रीकांचा ‘अ’, लॅटिनचा ‘इन’ आणि इंग्रजीचा स्वतःचा ‘अन’ हे चौघं एकाच मुळाचे आहेत. नुसते अर्थानं जवळ नाहीत, रक्ताचे आहेत. आपल्याकडे पुढं स्वर आला की ‘अ’ चा ‘अन्’ होतो: अज्ञान, पण अनंत, अनुचित, अनादर. ग्रीकात अगदी तेच: ‘एथीइस्ट’ मध्ये नुसता अ, ‘ॲनार्की’ मध्ये ॲन. सिकलसेल या रक्ताच्या आजारामुळे आपल्या भागात घरोघरी माहीत झालेला ‘ॲनिमिया’ हाही ॲन अधिक रक्त, म्हणजे रक्त नसणं.

याचा फायदा कसा होतो ते बघ. ‘अज्ञात’ शब्द घे: अ अधिक ज्ञा, जाणणं. ग्रीकातून आलेला भाऊ ‘ॲग्नॉस्टिक’, हा शब्द इंग्रज जीवशास्त्रज्ञ टी. एच. हक्सले यांनी 1869 मध्ये घडवला, देव आहे की नाही हे जाणता येत नाही असं म्हणणारा. लॅटिनचा भाऊ ‘इग्नोरंट’. इंग्रजीचा घरचा भाऊ ‘अननोन’. आणि पाचवा, जो तुझ्या यादीत असणारच, ‘अनकूथ’. जुन्या इंग्रजीत ‘कूथ’ म्हणजे जाणलेला, ओळखीचा. अनकूथ म्हणजे अनोळखी. मग अनोळखी तो विचित्र, विचित्र तो अडाणी, असं करत आज अर्थ झाला गावंढळ, असभ्य. पाचही शब्दांत तोच नकार आणि तेच जाणणं, फक्त प्रत्येकानं वेगळी वाट धरली. सभेत अचकट-विचकट बोलणाऱ्याला आज अनकूथ म्हणतात, नुसत्या अनोळखी माणसाला नाही. एवढं लक्षात ठेव.

असेच ‘अमृत’, ‘अँब्रोझिया’ आणि ‘इमॉर्टल’: न मरणारं. ‘अमाप’ आणि ‘इमेन्स’: न मोजलेलं. ‘अनाम’, ‘अनॉनिमस’ आणि ‘इग्नॉमिनी’. या शेवटच्यात नाव आहे पण गेलेलं आहे, म्हणजे नाचक्की. ‘इग्नॉमिनियस डिफीट’ म्हणजे तोंड दाखवायला जागा न ठेवणारा पराभव.

‘इम्पेक्यूनियस’ हा मला सगळ्यात आवडतो. मागं उरतो तो ‘पेक्यूनिया’, लॅटिनमध्ये पैसा. आणि तो आला ‘पेकू’ वरून, म्हणजे गुरं. तोच आपला ‘पशु’. रोमनांची दौलत गुरांत मोजली जायची, आपल्याकडे आजही सरकारी कागदावर ‘पशुधन’ असतंच. तेव्हा इम्पेक्यूनियस म्हणजे मुळात ज्याच्या गोठ्यात काही नाही तो. पोळ्याच्या तोरणाखाली बैल न घेता उभा राहिलेला शेतकरी. आजच्या वापरात मात्र शब्दाला थोडी गंमतीची छटा आहे. महिनाअखेरचा कडका विद्यार्थी इम्पेक्यूनियस, पण दुष्काळात सगळं गमावलेल्या कुटुंबाला हा शब्द लावला तर तो थट्टा केल्यासारखा वाटेल. तिथं साधा ‘पुअर’ किंवा कागदोपत्री ‘इंडिजंट’.

कोणता कुठं लावायचा, हा तुझा पहिला प्रश्न. पक्का कायदा नाही, पण एक वाट बऱ्यापैकी खात्रीची आहे. ‘ईडी’ किंवा ‘आयएनजी’ नं संपणाऱ्या शब्दांना बहुतेक ‘अन’ लागतो. लॅटिन घडणीच्या, ‘एबल’, ‘इव्ह’, ‘इटी’ अशा शेपटांच्या शब्दांना बरेचदा ‘इन’. म्हणून अनडिसायडेड पण इनडिसायसिव्ह, अनडायजेस्टेड पण इनडायजेस्टिबल, अनडिस्प्यूटेड पण इनडिस्प्यूटेबल. त्याहून जास्त गोंधळ घालतात त्या जोड्या, जिथं विशेषण एका घरात आणि नाम दुसऱ्या घरात गेलं: अनेबल पण इनॅबिलिटी, अनईक्वल पण इनईक्वालिटी, अनजस्ट पण इनजस्टिस, अनस्टेबल पण इनस्टॅबिलिटी. या मात्र सरळ पाठच कर. पुढच्या अक्षराप्रमाणे ‘इन’ चा ‘इम’, ‘इल’, ‘इर’ होणं ही तर आपली संधीच आहे. उत् अधिक लेख ‘उल्लेख’ होतो तसा इन अधिक लीगल ‘इल्लीगल’. बारावीपर्यंत मराठीत संधी सोडवणारी मुलं इंग्रजीत मात्र ‘इनरेग्युलर’ लिहून ठेवतात, काऊन ते देव जाणे.

क्रियापदाला लागणारा ‘अन’ मात्र वेगळा. तो ‘नाही’ म्हणत नाही, केलेलं उलटवतो: अनडू, अनटाय, अनलॉक. त्याचं मूळही वेगळं, तो ग्रीक ‘अँटी’ च्या नात्यातला. म्हणून ‘अनलॉकेबल’ या एकाच शब्दाचे दोन अर्थ निघतात. कडी तुटली आहे, दार बंदच होत नाही, ते दार अनलॉकेबल. आणि किल्ली सापडली, आता कुलूप उघडता येईल, तेही अनलॉकेबल. पहिल्यात ‘लॉकेबल’ आधी बनला आणि त्याला नकार लागला, दुसऱ्यात ‘अनलॉक’ आधी बनला आणि त्याला ‘एबल’ लागला.

‘नॉन’ ला मी कचेरीतला उपसर्ग म्हणते. तो निंदा करत नाही, स्तुती करत नाही, नुसतं या रकान्यात नाही एवढंच सांगतो. नॉन-क्रिमीलेअरचा दाखला काढायला तहसीलच्या चकरा तू मारल्याच असशील, आणि ‘प्लॉट एनए झाला का?’ हा प्रश्न तर आता पानटपरीवर ऐकू येतो. एनए म्हणजे नॉन-ॲग्रिकल्चरल, अकृषक. त्या जमिनीत काही खोट आहे असं त्यात कुठं आहे? ‘नॉनह्यूमन’ म्हणजे मनुष्येतर, गाय-बैल-यंत्र काहीही. ‘इनह्यूमन’ म्हणजे माणूस असून माणुसकी सोडलेला. ‘इममॉरल’ नीती मोडतो, ‘अमॉरल’ ला नीतीचा प्रश्नच पडत नाही: तान्हं पोर, वादळ, बाजारभाव. ‘डिसइंटरेस्टेड’ आणि ‘अनइंटरेस्टेड’ ही तर परीक्षेची लाडकी जोडी. पंच डिसइंटरेस्टेड असावा, म्हणजे त्याचा स्वतःचा स्वार्थ नसावा. अनइंटरेस्टेड पंच जांभया देत बसेल. आजकाल वर्तमानपत्रात पहिला दुसऱ्याच्या अर्थानं सर्रास येतो, पण परीक्षेत तू फरक पाळ.

आता ‘केम्प्ट’. आहे. ‘केंब’ म्हणजे विंचरणं, ‘कोम’ चं म्हणजे कंगव्याचं जुनं क्रियापद. केम्प्ट म्हणजे विंचरलेला, अनकेम्प्ट म्हणजे न विंचरलेला, मग एकूणच अवतार झालेला. ‘कूथ’ सभ्य या अर्थानं परत आला, पण बहुधा चेष्टेत. ‘ग्रंटल्ड’ ची कथा वेगळी. ‘डिसग्रंटल्ड’ मधला ‘डिस’ नकाराचा नाही, जोर देणारा आहे. ‘ग्रंटल’ म्हणजे कुरकुरणं, म्हणून डिसग्रंटल्ड म्हणजे चांगलाच कुरकुरलेला, नाराज. विसाव्या शतकात लोकांनी गमतीनं त्याचा डिस काढला आणि ग्रंटल्ड म्हणजे खूश असं ठरवून टाकलं. ‘डिशेव्हल्ड’ चा तर ‘शेव्हल्ड’ नाहीच. हा शब्द ‘डिस-हेव्हल्ड’ असा तोडून वाचू नकोस. जुन्या फ्रेंचमध्ये ‘शेव्हेल’ म्हणजे केस, विस्कटलेल्या केसांचा तो डिशेव्हल्ड.

यावर हसायचं कारण नाही. आपल्या पूर्वजांनीही तेच केलं. ‘असुर’ मध्ये नकाराचा अ नव्हता, वेदात तो सामर्थ्यवान अशा अर्थानं देवांनाही लावलेला आहे. पुढं लोकांना वाटलं हा ‘अ’ अधिक ‘सुर’ असणार, आणि देवांसाठी ‘सुर’ हा शब्द तयार झाला. ‘विधवा’ चंही तसंच: ‘वि’ काढून ‘धव’, म्हणजे नवरा, असा शब्द संस्कृतात आला. ‘ग्रंटल्ड’ आणि ‘सुर’ एकाच पद्धतीनं जन्मले.

काही शब्दांत मागचा भाग ओळखू येत नाही, कारण लॅटिनमध्ये पुढं काही जोडलं की आतला ‘ए’ म्हणजे आपला ‘अ’ बदलायचा. ‘ॲप्ट’ चं ‘इनेप्ट’, म्हणजे ज्याला जमत नाही असा, अडगा. ‘आर्ट’, म्हणजे कौशल्य, त्याचं ‘इनर्ट’, म्हणजे काहीच न करणारा. रसायनशास्त्रातले इनर्ट गॅस हेच. मैत्र सांगणाऱ्या ‘अमिकस’ चं ‘इनिमिकस’, आणि फ्रेंचमधून घासत येऊन त्याचं झालं ‘एनिमी’. एनिमीच्या पोटात ‘नाही’ आणि ‘मित्र’ दोन्ही आहेत, पण वरून कोणाला दिसणार?

‘अनटोवर्ड’ तू रोज वाचतेस. गणपती-दुर्गेच्या बंदोबस्ताच्या बातमीत ‘कोणताही अनुचित प्रकार घडला नाही’ असतं, इंग्रजी पेपरात त्याच जागी ‘नो अनटोवर्ड इन्सिडेंट’. एकेकाळी ‘टोवर्ड’ म्हणजे गुणी, वळणावर येणारा असाही अर्थ होता, तो गेला आणि नकार तेवढा उरला. 1989 च्या रेल्वे कायद्यात ‘अनटोवर्ड इन्सिडेंट’ ची चक्क व्याख्या आहे. तीत दरोडा, दंगल, हिंसक हल्ला आहेच, पण प्रवासी गाडीतून चुकून खाली पडणं हेही आहे. भरपाईचा दावा याच दोन शब्दांवर उभा राहतो.

‘अनवोंटेड’ आणि ‘अनवाँटेड’ यांत एका अक्षराचा फरक. ‘वोंट’ म्हणजे सवय. नेहमी गप्प बसणारा सरपंच ग्रामसभेत कडाडला तर ती ‘अनवोंटेड फ्यूरी’, नको असलेली नव्हे, सवयीबाहेरची. ‘इंजेन्युअस’ म्हणजे भाबडा आणि ‘इंजीनियस’ म्हणजे कल्पक. ‘डिसइंजेन्युअस’ पहिल्याचा विरुद्ध: सगळं ठाऊक असून भाबडेपणाचा आव आणणारा. आपल्याकडे म्हणतात ना, वेड पांघरून पेडगावला जाणारा, तोच. ‘डिसअब्यूज’ मध्ये शिवीगाळ नाही, कोणाच्या डोक्यातला गैरसमज काढणं आहे. ‘इनेक्सरेबल’ मध्ये दोन उपसर्ग एकापुढे एक आहेत, इन आणि एक्स, मागं ‘ओरारे’, म्हणजे विनवणं. कितीही विनवा, न पाघळणारा. चंद्रपूर-ब्रह्मपुरीचं मे महिन्यातलं ऊन इनेक्सरेबल. सावकारही. ‘नॉनप्लस्ड’ म्हणजे पुढं काही सुचेनासा झालेला, पण अमेरिकी लिखाणात तो हल्ली ‘जराही न डगमगलेला’ अशा नेमक्या उलट्या अर्थानं दिसतो. म्हणून वाक्य पुढं-मागं वाचल्याशिवाय पर्यायावर खूण करू नकोस.

राहिला निबंध. मी आयुष्यभर जिल्हा परिषदेच्या शाळांत इंग्रजीचे पेपर तपासले. ‘इनेफेबल’, ‘इनइलक्टेबल’ यांची माळ ओवलेला निबंध समोर आला की तपासणाऱ्याला आधी शंका येते की हे कुठून तरी उचललं आहे. त्यात ‘द इम्पेक्यूनियस फार्मर्स ऑफ विदर्भ’ असं असेल तर संपलंच. हे शब्द ओळखण्यासाठी शिकायचे, लिहिण्यासाठी फार थोडे. लिहायला अनटोवर्ड, डिसइंटरेस्टेड, इनकोएट घे, कारण त्यांच्या जागी दुसरा तेवढा नेमका शब्द सहज सापडत नाही. ‘नॉट अनहॅपी’ सारखे दुहेरी नकारही जपून. आपल्याकडे पिकाचं विचारलं की ‘वाईट नाही’ असं उत्तर येतं, त्याचा अर्थ चांगलं असा होत नाही हे तुला माहीत आहे. ‘नॉट अनहॅपी’ चंही तेवढंच.

आणि ती गाईडमधली यादी अकारविल्हे पाठ करणं बंद कर. वहीत चार पानं पाड: ज्यांचा मराठी भाऊ सापडतो ते, ज्यांचा नकार खोटा आहे ते, ज्यांचं मूळ हरवलं ते, आणि जोडीनं फसवणारे ते. यातल्या कुठल्याच पानावर न बसणारा शब्द आला तर तो मला पाठव.